गाइडबाईंची बाटली

माझ्या बाटलीच्या गळ्यात लाल रबरबँड असायचा. ऑकलंडच्या एका शांत उपनगरात तीन बार होते आणि तिन्हीकडच्या फ्रिजमध्ये, इतर बाटल्यांच्या मागे, माझी एक बाटली ठेवलेली असे. दिसायला बिअरची, तपकिरी, मोठी. आत फसफसणारा सफरचंदाचा रस. मी आयुष्यात बिअर प्यायलेली नाही, तरी एका हिवाळ्यात जपानमधल्या बऱ्याच निवृत्त मंडळींच्या लेखी मी न्यूझीलंडमधली सगळ्यात पट्टीची पिणारी बाई होते. सांगताना आता मलाच हसू येतं. तेव्हा येत नव्हतं. तेव्हा त्या रसाचा नुसता वास आला तरी कुणीतरी बाहेरून कडी घातल्यासारखं वाटायचं.

मी जपानी शिकले पुण्यात, डेक्कनवरच्या एका क्लासमध्ये. त्यात विशेष काही नाही. आमच्या भागात प्रत्येक जिन्यात कुणी ना कुणी जपानी कांजी अक्षरं गिरवत बसलेलं असे. पुढे गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत दुभाषी म्हणून काम केलं, लग्न झालं आणि नवऱ्याच्या आयटीतल्या नोकरीमागून ऑकलंडला आले. माउंट रॉस्किलमध्ये भाड्याचं घर घेतलं. वर्षभरात नवऱ्याची कंपनी बंद पडली. त्याच्या व्हिसाची मुदत संपत आलेली, नव्या नोकरीचा पत्ता नाही. तेवढ्यात मला जपानी पर्यटकांना शहर दाखवणाऱ्या एका छोट्या कंपनीत काम मिळालं आणि आमचं इथलं बिऱ्हाड माझ्या जपानीवर उभं राहिलं.

उभं म्हणजे एका पायावर. माझा वर्क व्हिसा त्या एकाच मालकाच्या नावाने होता. नोकरी गेली की व्हिसा गेला आणि माझ्या व्हिसावर टांगलेला नवऱ्याचा व्हिसाही गेला. नवरा पेनरोजच्या एका गोदामात खोकी भरायचा आणि रात्री घरी बसून त्याच्या खऱ्या कामासाठी अर्ज पाठवायचा. त्याला तशी नोकरी लागेपर्यंत मी टिकून राहायचं, एवढंच आमचं ठरलं होतं.

मालक पन्नाशीचा गोरा, उंच, भर हिवाळ्यातही शॉर्ट्स आणि जँडल्समध्ये, म्हणजे रबरी चपलांमध्ये. तरुणपणी तो जपानमधल्या एका लहान शहरात इंग्रजी शिकवायला होता. तिथे त्याच्या घरामागे नुसत्या घरांची शांत वस्ती होती आणि त्या घरांच्या अधेमधे चार-सहा खुर्च्यांचे लहान लहान बार. बाहेरच्या माणसाला ते दार सरकवायचा धीर होत नसे. वस्तीतला एक म्हातारा त्याला हाताला धरून एका दारातून दुसऱ्या दारात घेऊन गेला, प्रत्येक ठिकाणी ओळख करून दिली. जपानीत या प्रकाराला शिडीची दारू म्हणतात, एक पायरी झाली की पुढची. ती संध्याकाळ मालक कधी विसरला नाही. परत आल्यावर त्याने तेच आपल्या उपनगरात सुरू केलं. जपानमधल्या उकाड्यापासून पळून जुलै-ऑगस्टमध्ये इकडे येणारी निवृत्त मंडळी, डोंगर-समुद्र बघून झाल्यावर एक संध्याकाळ गाइडबरोबर आमच्या तीन बारांत. कल्पना चांगली होती. मी आजही तिला नावं ठेवणार नाही.

पहिल्या फेरीला मी सरळ पाणी मागवलं. सगळ्यांनी ग्लास उचलले, माझ्या ग्लासाकडे पाहिलं, आणि ते टेबल गारठलंच. पाठी ताठ झाल्या. एका आजोबांनी हळूच विचारलं की आम्हीही कमी प्यायची का. दुसऱ्या दिवशी मालकाने मला बोलावलं.

"लुक, तू पीत नाहीस, नो वरीज," तो म्हणाला. "पण टेबलावर एक जण कोरडा बसला की बाकीच्यांना परीक्षा द्यायला बसल्यासारखं वाटतं. आपण एक गंमत करू."

ती गंमत म्हणजे रबरबँडवाली बाटली. पाहुण्यांना सांगायचं की ही इथली फार कडक बिअर आहे, नव्या माणसाला सोसत नाही, ही फक्त गाइडबाई पितात. रसाचा फेस टिकत नसे म्हणून मी 'कानपाई'चा, म्हणजे जपानी चिअर्सचा, गजर लवकर उरकायचे. बाकी दिव्यांच्या पिवळ्या उजेडात काही कळत नसे.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. खरा घोळ माझ्या हाताने केला.

आमच्या घरी एकच नियम होता, पानात टाकायचं नाही. बाबा ओरडायचे नाहीत. त्यांचं जेवण संपलं तरी ते उठायचे नाहीत, एवढंच. मी दुधीची भाजी चिवडत बसलेली आणि समोर बाबा, उष्टा हात ताटावर धरून. तो हात हळूहळू वाळायचा. त्या वाळणाऱ्या हाताकडे बघवायचं नाही म्हणून मी गिळायचे. आणि पुण्याच्या त्या क्लासमध्ये, शिष्टाचाराच्या तासाला, आमच्या जपानीच्या बाईंनी शिकवलं होतं की तिकडे आपला ग्लास आपण भरायचा नाही, शेजाऱ्याने भरायचा. रिकामा ग्लास म्हणजे अजून हवी. बास असेल तर भरलेलाच ठेवायचा. आम्ही सगळ्या मुली खिदळलो होतो, कारण बिअरचा ग्लास कुणी हातातसुद्धा धरला नव्हता. परीक्षेत हा प्रश्न आला तेव्हा मी अचूक उत्तर लिहिलं होतं.

पण हाताला कुठे जपानी येतं. ग्लासात थोडं उरलं की माझा हात आपोआप जायचा आणि तळ दिसेपर्यंत मी प्यायचे. तळ दिसला की शेजारचे आजोबा दोन्ही हातांनी बाटली उचलून, मान लववून, ग्लास भरायचे. भरला म्हणून मी प्यायचे, प्यायले म्हणून ते भरायचे. एकीकडे त्यांचं वळण, दुसरीकडे माझं, आणि मध्ये लिटरभर रस. तिसऱ्या बारपर्यंत मंडळी माझ्याकडे थक्क होऊन बघत असत. एवढी कडक बिअर, एवढे ग्लास, आणि बाई सरळ चालते, रस्ता ओलांडताना सगळ्यांना हात दाखवून थांबवते, वर कुणाची टोपी राहिली ते सांगते.

मग वेबसाइटवर लोक लिहायला लागले. डोंगर पाहिला, समुद्र पाहिला, पण त्या गाइडबाईंसारखं पिणं पाहिलं नाही. जपानमधून चौकशा येऊ लागल्या त्या थेट माझ्याच. मालक खूश. त्याने दिवसाची सगळी कामं दुसऱ्या गाइडला दिली आणि मला फक्त संध्याकाळच्या फेऱ्यांवर ठेवलं.

"यू आर अ लेजंड," तो म्हणाला.

एकदा एवढं नाव झालं की ते सांभाळावं लागतं. मला आमची गाडी चालवत घरी जाता येईना, कारण पाहुणे त्याच भागात उतरलेले असत आणि एवढी प्यायलेली बाई स्टिअरिंगवर बसताना दिसली तर कुणीतरी पोलिसांना कळवलं असतं. म्हणून नवरा पेनरोजहून येताना गाडी कोपऱ्यावरच्या डेअरीपाशी, म्हणजे दूध-पावाच्या दुकानापाशी, दिवे बंद करून उभी करायचा. मी सगळ्यांना वाकून निरोप द्यायचे आणि वळणापलीकडे गेले की धावत गाडीत बसायचे.

"काय गं बेवडे, किती झाल्या आज?" तो विचारायचा.

सुरुवातीला आम्ही दोघंही हसायचो.

तीन बार, तीच वाट. पहिलं कोपऱ्यावरचं टॅव्हर्न, लाल गालिचा आणि भिंतीवर घोड्यांच्या शर्यती. दुसरा लॉन बोलिंगचा, म्हणजे हिरवळीवर चेंडू घरंगळवायच्या खेळाचा, क्लब. तिथे आत गेल्यावर टोपी काढायची, कारण टोपी घालून बारपाशी गेलेल्या माणसाने सगळ्यांना पाजायचं असा त्यांचा दंडक. तिथे दर गुरुवारी मांसाच्या ट्रेची सोडत असे, चॉप्स आणि सॉसेज प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले. आमच्यातलं कुणी जिंकलं की हॉटेलात नेऊन करणार काय, म्हणून ते मोठ्या अदबीने दोन्ही हातांनी मलाच अर्पण करत. मी शाकाहारी. तो गार ट्रे मांडीवर घेऊन मी घरी यायचे आणि समोरच्या, सामोआ बेटांवरून आलेल्या, मावशींना द्यायचे. मावशींचाही माझ्याबद्दल काही गैरसमज झाला असावा. तिसरा बार जुन्या पोस्टाच्या इमारतीत. तिन्ही ठिकाणी मी तेच विनोद करायचे आणि लोक त्याच जागी हसायचे. कधी कधी वाटायचं, तोंड माझं आहे पण आवाज टेपचा आहे.

त्या हिवाळ्याच्या तोंडावरच मला दिवस गेले होते.

आम्हाला मूल हवं होतं, त्यामुळे आनंद झाला, हे आधी सांगते. नवऱ्याने गोदामातून चक्क अर्धा दिवस सुट्टी घेतली. मिडवाइफने तपासलं आणि म्हणाली, "भरपूर फ्लुइड्स पी, ओके? हीप्स." म्हणजे ढीगभर. मी मान डोलावली. त्यात मला कुणी शिकवायची गरज नव्हती.

मग उलट्या सुरू झाल्या. सफरचंद नुसतं डोळ्यांसमोर आलं तरी पोटात ढवळायचं. एका गुरुवारी बोलिंग क्लबमध्ये मी ग्लास तळापर्यंत रिता केला, उठले आणि कशीबशी बाथरूमपर्यंत पोचले. बाहेर आले तर सगळी मंडळी दाराशी रांगेने उभी. कुणी ओला रुमाल धरलेला, कुणी पाठीवर थोपटतंय. अखेर गाइडबाईंनाही चढली म्हणून त्यांचे चेहरे फुलले होते. एक आजोबा म्हणाले, "आमच्यासाठी तुम्ही जिवाची पर्वा केली नाहीत." त्यांनी वेबसाइटवर तसंच लिहिलं. मालक त्या वेळी बारपाशी उभा होता. तो नुसता माझ्याकडे बघत राहिला.

आता मी पुरती अडकले होते. बाळ होणार म्हणून मला कुणी काढणार नव्हतं, तसा कायदा आहे आणि तो मला माहीत होता. पण सांगितलं तर या फेऱ्या थांबणार, आणि माझी नोकरी म्हणजे आता याच फेऱ्या. कामच उरलं नाही तर कायदा काय करणार? न सांगावं तर पोट दिसणार, आणि पोटुशी बाई ग्लासामागून ग्लास रिचवताना बघून पाहुणे हादरणार. रस आहे म्हणून जाहीर करावं तर आतापर्यंत सगळ्यांना फसवलं असं होणार आणि मालकाचं नाव जाणार. मी रात्री छताकडे बघत हे सगळं फिरवून फिरवून मांडायचे आणि सकाळी होते तिथेच असायचे. कुणी वाईट असतं तर बरं झालं असतं. निदान भांडता आलं असतं.

शेवटी मी नवऱ्याचं मोठं फुगीर जाकीट घालायला लागले. बारमध्ये हीटर लावलेले, मी त्या जाकिटात घामाघूम. एकदा धीर करून मालकाला विचारलं, मला दिवसाच्या कामावर घेता येईल का.

"का? काही प्रॉब्लेम आहे?" त्याने विचारलं.

"नाही, सहज," मी म्हणाले.

"सीझन संपल्यावर बघू या, हं?"

"हो, चालेल," मी म्हणाले. आणि बाहेर येऊन स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटली.

ऑगस्टमध्ये पाच जणांचा एक गट आला. एकाच कंपनीतून निवृत्त झालेले चार पुरुष आणि त्यांतल्या एकाची बायको. ती सत्तरीची, लहानखुरी, राखाडी केस आखूड कापलेले. नवरा सारखा बोलत होता, ती गप्प. पहिल्या टॅव्हर्नमध्ये हीटरजवळच्या टेबलाशी बसलो तेव्हा तिने पहिल्यांदा तोंड उघडलं.

"गरम होत नाही का तुम्हाला?"

"भारतातली ना मी, मला थंडी फार वाजते," मी म्हणाले. सगळे हसले. त्या बाई हसल्या नाहीत.

थोड्या वेळाने त्यांनी माझी बाटली उचलली, दोन्ही हातांनी, रीतसर. माझा ग्लास भरला. आणि मग, मी काही म्हणायच्या आत, शेजारचा एक रिकामा ग्लास ओढून त्यात थोडंसं ओतलं. आपल्या हाताने, आपल्यासाठी. असं तिकडे कुणी करत नाही. त्यांचा नवराही बोलायचा थांबला. त्या एक घोट प्यायल्या, ग्लास खाली ठेवला. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते. मनात म्हटलं, संपलं.

"कशी आहे?" एकाने विचारलं.

"भयंकर कडक," त्या म्हणाल्या. "तुम्हाला झेपायची नाही. हातसुद्धा लावू नका."

आणि बाटली त्यांनी आपल्यापाशी ठेवून घेतली.

क्लबकडे जाताना संध्याकाळचा उजेड अजून शिल्लक होता. रस्ता ओला, घरांपुढे कचऱ्याचे डबे काढून ठेवलेले, पुरुष पुढे मोठमोठ्याने बोलत चाललेले. बाई मुद्दाम मागे राहिल्या आणि रस्त्याच्या बाजूने माझ्याबरोबर चालू लागल्या.

"कितवा महिना?" त्यांनी विचारलं.

"पाचवा."

"मालकांना ठाऊक आहे?"

"नाही."

"आणि तुमच्या यजमानांना?"

"त्यांना आहे. ते कोपऱ्यावर गाडी घेऊन थांबतात."

त्यांनी पुढे चाललेल्या पुरुषांकडे एकदा पाहिलं. मग म्हणाल्या, "ग्लास कशाला रिकामा करता? भरलेला ठेवलात तर कुणी ओतणार नाही."

मी त्यांना बाबांच्या वाळलेल्या हाताचं सांगितलं. का सांगितलं कुणास ठाऊक. नवऱ्यालाही कधी सांगितलं नव्हतं. एका परक्या बाईला, परक्या भाषेत, परक्या रस्त्यावर सांगताना मला रडू आलं आणि मी ते जाकिटाच्या बाहीला पुसलं.

"भाताचं आमच्याकडेही तसंच," त्या म्हणाल्या. "एक शीत टाकू द्यायचे नाहीत. पण दारू टाकता येते हो."

मग मी ते बोलले जे मला स्वतःहून कधी जमलं नसतं. "तुम्ही मालकांना सांगाल का? हा रस आहे म्हणून, आणि माझं हे असं आहे म्हणून. पाहुण्यांनी सांगितलं तर ते ऐकतील. मला नाही सांगता येत."

त्या थांबल्या, किंचित वाकल्या आणि म्हणाल्या, "समजलं."

पुढच्या दोन्ही बारांत त्या माझ्या शेजारी बसल्या. बाटली त्यांच्याकडेच. माझ्या ग्लासात थेंबभर ओतायच्या आणि उरलेलं स्वतः संपवायच्या, चेहरा कडू करून. त्या संध्याकाळी किती दिवसांनी माझं पोट हलकं राहिलं. मी घरी जाऊन नवऱ्याला म्हटलं, "सुटले. त्या बाई सांगणारेत." तो म्हणाला, "बघ हं." मी चिडले. माझ्या कामातलं याला काय कळतं, असं मनात म्हटलं.

त्यांचा अभिप्राय चार-पाच दिवसांनी आला. मालकाने मला ऑफिसात बोलावून तो स्वतः वाचून दाखवला, अडखळत, पण अगदी प्रेमाने. गाइडबाईंच्या बाटलीतली बिअर मीही चाखली. फार कडक होती. त्या मात्र शेवटपर्यंत हसतमुख होत्या. त्यांच्यासारखी खंबीर बाई मी पाहिली नाही, सर्वांनी त्यांच्याबरोबर एक संध्याकाळ घालवावी.

"आता सप्टेंबरही भरला बघ," मालक म्हणाला.

मी खुर्चीवर बसले. त्यांनी माझी अब्रू राखली होती. त्यांच्या दृष्टीने याहून मोठं काही करण्यासारखं नव्हतं, आणि मी जन्मभर दुभाषी राहून एवढंही ओळखू शकले नव्हते. मला अब्रू नको होती. मला सुटका हवी होती.

पुढच्या फेरीला मी ठरवून गेले. पहिला ग्लास भरून घेतला, ओठाला लावला आणि ठेवून दिला. आणि खरंच, कुणी हात लावला नाही. त्या जपानी बाईंनी सांगितलं होतं तसंच झालं. पण तो ग्लास काही माझा पिच्छा सोडेना. मी विनोद सांगत होते आणि नजर ग्लासावर. फेस गेला, बुडबुडे गेले, पिवळं पाणी शिल्लक. निघायची वेळ झाली, सगळे उठून कोट घालू लागले. टेबलावर तो एकटाच भरलेला. मी उचलला आणि उभ्या उभ्या तळापर्यंत प्यायले. शेजारच्या आजोबांनी एक हात कोटात घातलेला होता. दुसऱ्या हाताने त्यांनी बाटली उचलली, ती एका हाताने धरल्याबद्दल माफी मागितली आणि माझा ग्लास भरला.

त्या रात्री गाडीत बसल्यावर नवऱ्याने किती झाल्या ते विचारलं नाही.

सप्टेंबरच्या मध्यावर त्याला नोकरी लागली. हॅमिल्टनजवळ, 'ते रापा' नावाच्या भागात, दुधाच्या कारखान्यांची यंत्रणा चालवणारं सॉफ्टवेअर लिहायचं काम. त्याचा फोन आला तेव्हा मी क्लबच्या पार्किंगमध्ये उभी होते. तो बोलत होता आणि मी जाकिटाची चेन खाली ओढत होते, गार वारा आत घेत.

नव्या व्हिसाचं नक्की झाल्याबरोबर मी मालकाकडे गेले, नोकरी सोडते म्हणून सांगितलं आणि त्याच दमात पोटाचंही. त्या दिवशी जाकीट घातलं नव्हतं. लपवण्यासारखं काही उरलंही नव्हतं.

तो हसला. "आय नो," तो म्हणाला. "क्लबमध्ये तू आजारी पडलीस तेव्हाच ओळखलं. मला तीन मुलं आहेत."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. "मग तुम्ही काही बोलला का नाहीत?"

"तू सांगशील म्हणून थांबलो होतो. तुझी खासगी गोष्ट. मी कसं विचारणार? मी तर विचारलंही होतं, काही प्रॉब्लेम आहे का. तू नाही म्हणालीस." त्याने हात पसरले. त्याच्या चेहऱ्यावर खरोखर वाईट वाटल्याचं दिसत होतं. "एकदा 'नको' म्हणाली असतीस तर मी त्याच दिवशी थांबवलं असतं. काहीतरी दुसरं काम काढलं असतं. सिंपल."

सिंपल. मला त्याचा त्या क्षणी इतका राग आला की अजून आठवला तरी कान तापतात. ज्याच्या खिशात इथला पासपोर्ट असतो त्याच्यासाठी 'नको' हा एक शब्द असतो. माझ्यासाठी त्यात एक घर होतं, नवरा होता, विमानाची परतीची तिकिटं होती. तो खरं बोलत होता की नंतर शहाणा झाला होता, हे मला कधीच कळणार नाही. कदाचित खरंच थांबवलं असतं. आणि ते खरं असेल तर तो अख्खा हिवाळा मी उघड्या दाराशी बसून काढला, याचा राग कुणावर काढायचा?

हे सगळं मनात होतं. तोंडाने मी थँक यू म्हणाले. त्याने मला मिठी मारली आणि सगळं 'स्वीट ॲज', म्हणजे एकदम छान, होईल म्हणाला.

मुलगी हॅमिल्टनला झाली. दोनेक वर्षांनी आम्हाला रेसिडेन्सीही मिळाली. आता ती तीन वर्षांची होऊन गेली आहे. मी मराठीत बोलते, ती इंग्रजीत उत्तर देते. तिला सगळं कळतं, फक्त बोलायचं नसतं. सफरचंदाचा रस मी घरात आणत नाही.

परवा तिच्या किंडरगार्टनमधल्या मैत्रिणीचा वाढदिवस होता. त्यांच्या बागेत लांब टेबल मांडलेलं, पोरांचा गोंधळ. मैत्रिणीची आई जग घेऊन सगळ्यांना रस वाढत होती. वासावरून मला लांबूनच कळलं कशाचा ते. माझ्या मुलीचा ग्लास अर्धा भरलेला होता. जग तिच्यापाशी आला तेव्हा तिने ग्लासावर तळहात आडवा ठेवला.

"नो थँक्स. आय'म डन."

"गुड ॲज गोल्ड," म्हणत ती बाई पुढच्या मुलाकडे वळली. झालं. एवढंच. कुणी कुणाचं काही बिघडवलं नाही.

'टाकायचं नाही गं', हे माझ्या अगदी ओठांवर आलं होतं. तिला ते अजून कुणी सांगितलेलं नाही, मीही नाही. मी दात दाबून धरले. ती खुर्चीवरून उतरली आणि झोपाळ्याकडे पळाली, मागे वळूनही न बघता. मी तिच्याकडे बघत राहिले. मला तिचं इतकं कौतुक वाटलं आणि थोडा हेवाही वाटला, हेही सांगून टाकते.

मग सगळे उठले. आवराआवर सुरू झाली, कागदी ताटल्या गोळा करायला मी हात लावला. टेबलावर तिचा ग्लास तसाच होता, अर्धा, उन्हाने कोमट झालेला. मी इकडेतिकडे पाहिलं, ग्लास उचलला आणि तळापर्यंत प्यायले.

"ओह, तुला आवडतो वाटतं," मागून मैत्रिणीची आई म्हणाली, आणि तिने माझा ग्लास काठोकाठ भरला.

मी थँक यू म्हणाले.